झाकण लावण्याआधी

इनासकाकांना मी पहिल्यांदा पाहिलं त्याच दिवशी आमचं भांडण झालं. भांडण म्हणजे मी भांडले. ते आमच्या न्हाणीघराच्या दाराशी पालथ्या बादलीवर शांतपणे बसून होते.

"आधी धुवा," ते म्हणाले.

"धुवा म्हणजे?"

"म्हणजे रोज धुता तसं. कपडे घाला, पावडर टाका, बटण दाबा. मी बघतो."

"अहो, धुता आलं असतं तर तुम्हाला सांडोरहून इथपर्यंत कशाला बोलावलं असतं?"

"जिथपर्यंत होतं तिथपर्यंत धुवा. मग बघू."

माझं टाळकंच सरकलं. मी शाळेत शिकवणारी बाई. दिवसभर साठ-साठ मुलांना ओरडून घरी यायचं आणि पुन्हा तुळिंजच्या बाजारातल्या गर्दीतून भाजी घेऊन तीन जिने चढायचे. माझ्याकडे संयम कुठून येणार? आणि हा साठीकडे झुकलेला, काटकुळा, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट घातलेला माणूस मला माझ्याच घरात कपडे धुऊन दाखवायला सांगत होता. पिशवी त्याने उघडलीसुद्धा नव्हती. शेवटी मी रागारागाने कपडे कोंबले आणि बटण दाबलं. मशीन फिरलं, घरघरलं आणि नेहमीसारखं पाण्याने भरलेलंच थांबलं.

"मशीन भिंतीला एवढं टेकवून कोण ठेवतं?" त्यांनी विचारलं.

"मी. केर काढायला जागा लागते ना."

ते उठले आणि मशीन वीतभर पुढे ओढलं. मागचा पाणी सोडायचा पाइप चेमटून पार चपटा झाला होता. तो सरळ केल्याबरोबर पाणी भसाभसा निघून गेलं. मला वाटलं, सुटले. पण काका तिथेच उभे.

"बोला, काय झालं होतं?"

"तुम्हीच तर काढलंत ना?"

"मला म्हाईत हाय. तुम्ही बोला."

मग मी, फळ्यासमोर उभ्या केलेल्या पोरीसारखी, म्हणाले, "मी मशीन भिंतीला दाबत होते, त्यामुळे पाइप चेमटला." तेव्हा कुठे त्यांनी मान हलवली. हा त्यांचा नियम होता: आधी कारण, मग झाकण. मशीन उघडलेलं असो की नसो, बिघाडाचं कारण घरातल्या माणसाने स्वतःच्या तोंडाने सांगितल्याशिवाय इनासकाका काम संपलं असं मानायचेच नाहीत. "मी सांगितलेलं तुम्ही संध्याकाळपर्यंत विसराल, टीचर. स्वतः बोललात तर राहील," असं त्यांचं म्हणणं. हे शाळेत मी रोज मुलांना सांगत होते.

त्यांचं नाव मला आमच्या शाळेतल्या मर्सी टीचरने सुचवलं होतं. ती त्यांच्या नात्यातली. मुंबईतल्या एका कारखान्यात तयार झालेल्या मोटारी तपासायचं काम त्यांनी उभी हयात केलं. कारखाना बंद पडला तेव्हा ते वसईजवळ सांडोरला आपल्या केळीच्या वाडीत परतले. पण केळी काही बिघडत नाहीत आणि बोलतही नाहीत, म्हणून माणूस कंटाळला. नव्वदच्या दशकाच्या शेवटी शेवटी वसईपासून विरारपर्यंत घराघरांत ही धुण्याची मशीनं येऊ लागली होती. काकांनी पहिलं मशीन उघडलं ते म्हणे स्वतःच्या बायकोचं, तिला न विचारता. ती चार दिवस त्यांच्याशी बोलत नव्हती.

त्यांची कामाची पद्धत बघत राहावी अशी होती. घरात आले की पहिलं मागणं पाण्याचं नाही, चहाचं तर नाहीच. "इडलीपात्र हाय का?" आधी मला वाटलं, हे काय आता, खायला मागतात की काय! पण त्यांना त्या पात्राच्या ताटल्या हव्या असायच्या. काढलेला प्रत्येक स्क्रू ते एकेका खळग्यात ठेवायचे. पहिला काढलेला पहिल्या खळग्यात, दुसरा दुसऱ्यात. लावताना उलट्या क्रमाने. एकदा आमच्या ह्यांनी मदत म्हणून सगळे स्क्रू एका वाटीत गोळा केले, तर काकांनी ती वाटी हातात घेऊन असा चेहरा केला की ह्यांनी पुन्हा कधी त्या बाजूला पाऊल टाकलं नाही.

आणि त्यांचा संथपणा! त्याला नावं ठेवल्याशिवाय मला हे लिहिताच येणार नाही. सकाळी येतो म्हणाले की दुपारी यायचे, सायकलवरून. एकदा तर दोन दिवस आमचं मशीन पोट फाडून तसंच पडलेलं होतं, कारण काय ते त्यांना सापडत नव्हतं. "चालू तर होतंय ना, मग द्या लावून," मी म्हणाले. तर म्हणे, "चालू होतंय पण का थांबलं होतं ते कळलं नाय." आणि गेले केळी कापायला. मी दोन दिवस बादलीत धुणं धुतलं आणि धुताना त्यांच्या नावाने यथेच्छ बोटं मोडली.

पण माणसांशी त्यांचं कसं असायचं, ते सांगते. आमच्या शाळेतल्या एका मुलीची आई अर्नाळ्याला राहायची. मासळी विकणारी, खणखणीत आवाजाची बाई. तिच्या मशीनची बटणं महिन्या-दोन महिन्यांनी बंद पडायची आणि तीन मेकॅनिकांनी हात टेकले होते. मी काकांना तिकडे घेऊन गेले. मशीन ओट्यावर, समुद्राकडे तोंड करून ठेवलेलं. पॅनेल उघडलं तर आतली जोडणी खाऱ्या वाऱ्याने हिरवीगार झालेली.

"बोला, काय झालं होतं?" काकांनी विचारलं.

"खारा वारा लागला, आनि काय! ते मला कलतंय," बाई कडाडली. "पन आत कुठं ठेवू? आत ठेवलं तर मी निजू कुठं? पानी भरायचं तेपन हितंच येतं!"

मला वाटलं, आता काका उपदेश करणार. त्यांनी काही केलं नाही. ते त्या ओट्यावर बसून राहिले. घराकडे बघत होते, वाऱ्याकडे बघत होते. मग त्यांनी त्या बाईच्या नवऱ्याला हाक मारली आणि दोघांनी मिळून मशीन उचलून घराच्या मागच्या कोपऱ्यात, भिंतीच्या आडोशाला नेलं. पाण्याचा पाइप तिथपर्यंत ओढायला संध्याकाळ झाली. बाई बराच वेळ कमरेवर हात ठेवून बघत होती. "येवढं तर माज्या दुखन्याला पन कुनी इचारलं नाय," ती म्हणाली आणि आत जाऊन आमच्यासाठी सुकटीची पुडी बांधून घेऊन आली.

दुसरा किस्सा आमच्याच इमारतीच्या सेक्रेटरींचा. नवीन मशीन, चकचकीत, बटणांना हात लावला तर नुसतं टुक टुक वाजायचं. साहेबांनी माहितीपुस्तिका पाठ केली होती. काकांना त्यांनी अर्धा तास उभं करून सर्किट समजावून सांगितलं. काकांनी सगळं ऐकून घेतलं आणि दोन बटणं एकत्र दाबून धरली. मशीन सुरू. लहान मुलांनी खेळू नये म्हणून असतं ते कुलूप कुणीतरी चुकून लावलं होतं.

"बोला, काय झालं होतं?"

"ठीक आहे, ठीक आहे, झालं ना सुरू!"

काकांनी तीच दोन बटणं पुन्हा दाबली. मशीन पुन्हा टुक टुक. आणि बादली पालथी घालून बसले. साहेबांचा चेहरा लालबुंद. आतून त्यांच्या बायकोचं हसू आम्हाला ऐकू येत होतं. शेवटी साहेब पुटपुटले, "मीच दाबलं असेल कुलूप." पुढे महिनाभर आमच्या जिन्यात हीच गोष्ट चालली होती, आणि ती पसरवण्यात माझा वाटा मोठा होता, हे कबूल करते.

दुसऱ्याची फजिती सांगताना माझी जीभ अशी भराभर चालते. आता माझी सांगते.

माझ्या सासूबाई गुहागरकडच्या. सासरे गेल्यावर आमच्याकडे आल्या, तेव्हा सत्तरीला टेकल्या होत्या. जन्मभर विहिरीवरच्या दगडावर धुणं आपटलेल्या बाईला फ्लॅटमध्ये करायला काही उरलं नव्हतं. स्वयंपाकघर माझं होतं आणि मी ते सोडत नव्हते. मग मशीन आलं. सुरुवातीला धुणं मीच लावायचे, मग त्यांना एक बटण शिकवलं, सुरू करायचं. तेवढं त्यांनी असं आपलंसं केलं की काय सांगू! सकाळी आंघोळ झाली की त्या कपडे घालणार, बटण दाबणार आणि शेजारी स्टूल टाकून धुणं संपेपर्यंत बसणार. शेजारणींना सांगायच्या, "आमच्याकडे धुणं माझ्याकडे असतं."

त्या वर्षीचा दसरा झाला आणि तीन-चार दिवसांत मशीन वेड्यासारखं करायला लागलं. सगळे दिवे एकदम लुकलुकायचे. बटण दाबलं तर सुरू होईना, आणि मध्येच न दाबता सुरू व्हायचं. एके दुपारी सासूबाई घरी एकट्या असताना ते भरल्या पाण्यात बंद पडलं ते पडलंच. मी शाळेतून आले आणि चपला काढायच्या आधी विचारलं, "आई, काय दाबलंत तुम्ही?"

"नेहमीचंच दाबलं गं."

"नेहमीचं दाबून असं होतं का?"

इनासकाका तेव्हा वाडीच्या कामात अडकले होते, म्हणून कंपनीचा माणूस बोलावला. त्याने दोनदा बटण दाबलं, उघडून काही बघितलं नाही. म्हणाला, "पॅनेलच बदलावं लागेल. घरात कुणी ओल्या हातांनी बटणं दाबतं का?"

आणि मी म्हणाले, "हो. आमच्या सासूबाई."

त्या दारातच उभ्या होत्या. दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर त्यांनी कपाटावरची बॅग ह्यांच्याकडून काढून घेतली होती आणि लुगडी घडी करून भरत होत्या. "धाकट्याकडे जाते. गावची हवा बरी. उगाच तुमच्या महागाच्या वस्तू माझ्या हातून मोडायला नकोत." ह्यांनी रविवारच्या एसटीचं तिकीट काढलं. मी त्यांना थांबवलं नाही. खोटं कशाला बोलू, मला थोडं सुटल्यासारखंच वाटलं होतं. आज ते आठवलं की माझीच मला किळस येते.

शनिवारी इनासकाका आले. बादली पालथी घातली.

"रोज कोण लावतं?"

"आई."

"मग त्यांना बोलवा."

"मी नाही हात लावणार," सासूबाई आतूनच म्हणाल्या.

"मावशी, या तर खऱ्या. रोज लावता तसं लावा. तुम्ही लावल्याशिवाय मला कळणार कसं?"

त्या आल्या. मशीनजवळ आल्यावर त्यांनी पदराला हात पुसले. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा बोटांच्या बेचक्यांतूनसुद्धा. मग एका बोटाने बटण दाबलं. दिवे लुकलुकले.

"रोज असे पुसता?"

"मग? विजेची वस्तू आहे. पुसल्याशिवाय कशी दाबेन?"

मी वर्षभर त्यांच्यासोबत एकाच घरात राहत होते आणि हे मी एकदाही बघितलं नव्हतं.

काकांनी प्लग काढला, थोडा वेळ जाऊ दिला आणि पॅनेलचे स्क्रू काढून इडलीच्या ताटलीत ओळीने ठेवले. पॅनेल उलटं केलं. बटणांच्या खाली, सर्किटच्या हिरव्या पट्टीवर, लाल-पिवळा थर सुकून बसला होता. त्यांनी काडीला कापूस गुंडाळला, स्पिरिटमध्ये बुडवला आणि हलक्या हाताने फिरवला. कापूस लालभडक निघाला. मग चिमट्याने त्यांनी सुरू करायच्या बटणाखालून काहीतरी उचललं. तांदळाचा दाणा होता. हळद लागलेला.

त्यांनी तो दाणा आणि तो कापूस ताटलीच्या रिकाम्या खळग्यात ठेवला आणि ताटली माझ्यासमोर धरली.

दसऱ्याला घरातल्या सगळ्या अवजारांची पूजा मी केली होती. विळी, कोयता, शिवणयंत्र, मिक्सर, आणि हे नवं मशीन. मशीनची तर कौतुकाने जास्तच. पाण्यात कालवलेल्या ओल्या कुंकवाने थेट बटणांवर स्वस्तिक काढलं होतं, वर अक्षता टाकल्या होत्या, फुलाने पाणी शिंपडलं होतं. दुसऱ्या दिवशी ओल्या फडक्याने घासून घासून पुसलं होतं, म्हणजे उरलंसुरलं सगळं फटींतून आत गेलं. सगळं मी. माझ्या हातांनी.

सासूबाई मागे सरून दारात उभ्या होत्या. त्यांना ताटली दिसत नव्हती. "माझ्याच हातून बिघडलं ना हो, भाऊ?" त्यांनी विचारलं. आवाज अगदी बारीक.

इनासकाकांनी एक वाक्य बोलायला हवं होतं. 'नाही मावशी, तुमची चूक नाही.' बस. ते माझ्याकडे बघत होते.

"मावशी, कारण घरच्यांनी सांगायचं असतं," ते म्हणाले. "मी जरा हात धुऊन येतो."

आणि गेले न्हाणीघरात. दार लोटून घेतलं. नळाचा आवाज सुरू झाला. अहो, आमच्याकडे पाणी यायचं दिवसाला तासभर, बाकी टँकर! आणि हा माणूस नळ सोडून आत उभा! मला इतका राग आला म्हणून सांगू. वाटलं, मोठे आले न्याय करणारे. कोण हे? मशीन दुरुस्त करायला बोलावलं की माझी परीक्षा घ्यायला? नळ वाहत होता. सासूबाई वाट बघत होत्या. मी काहीच बोलत नाही हे बघून त्या मागे वळल्या, बॅगेकडे.

"आई, तुम्ही नाही," मी म्हणाले. "मी. दसऱ्याला कुंकू लावलं ते आत गेलं. तुम्ही काहीच केलं नाहीत. मी उगाच तुम्हाला बोलले. त्या कंपनीच्या माणसासमोर बोलले."

मी ताटली त्यांच्यासमोर केली.

सासूबाई परत आल्या. ताटलीत डोकावल्या. तो तांदळाचा दाणा त्यांनी नीट बघितला. मग म्हणाल्या, "बरं. मग ती बॅग कपाटावर कोण ठेवणार? माझा हात पोचत नाही."

मी बॅग रिकामी केली, लुगडी जागेवर लावली, स्टुलावर चढून बॅग वर ठेवली, आणि त्याच स्टुलावर बसून रडले. सासूबाई पाठीवरून हात फिरवत राहिल्या. नळ तेव्हा बंद झाला.

काका बाहेर आले, हात झटकत. कोणाला काही विचारलं नाही. पट्टी दिव्याच्या उबेला धरून पुरती सुकवली आणि झाकण लावलं. सासूबाईंना बोलावून बटण दाबायला लावलं, आणि मशीन सुरू झालं. मग चहा बशीत ओतत म्हणाले, "टीचर, पुढल्या वर्षी फूल वाहा, कुंकू बाजूच्या पत्र्याला लावा. देवाला चालतं. आमच्याकडे पण तेच हो! नवीन पंप बसवला, फादरांनी पवित्र पाणी शिंपडलं, आणि पहिल्याच दिवशी स्टार्टर गेला. फादरना कोण बोलणार? पण मी त्यांनाच बोलायला लावलं." सासूबाई किती दिवसांनी मोकळ्या हसल्या.

ती रविवारची एसटी त्यांच्याशिवाय गेली. त्यानंतर आठ वर्षं त्या आमच्याकडे होत्या. आठ वर्षं धुणं त्यांचं होतं. स्वयंपाकघरातला अर्धा ओटाही मी हळूहळू सोडला, आणि त्यांच्या हातची डाळिंब्यांची उसळ आमच्या घरात आली. भांडलो नाही असं नाही, पुष्कळ भांडलो. पण बॅग पुन्हा खाली आली नाही. शेवटच्या दुखण्यात त्यांनी दोघा मुलांपैकी कुणाला नाही, मला हाक मारली. माझ्या मांडीवर त्यांचं डोकं होतं.

त्यांचे दिवस झाल्यावर मी सांडोरला गेले. काकांनी दुरुस्तीची कामं सोडून दोनेक वर्षं झाली होती. एका डोळ्यात मोतीबिंदू, हात थरथरत होते. वाडीत उभे राहून ते केळीच्या लोंगराला बांबूचा टेकू देत होते. मी सासूबाईंचं सांगितलं. त्यांनी टेकू खाली ठेवला आणि डोक्यावरची टोपी काढली.

मग मी जे सांगायला गेले होते ते सांगितलं. "काका, त्या दिवशी तुम्ही नुसतं 'मावशी, तुमची चूक नाही' म्हणाला असतात, तरी त्या दुसऱ्या दिवशी गेल्याच असत्या. तुमच्या शब्दासाठी कोण थांबतं? मी बोलले म्हणून थांबल्या. आणि तुम्ही नसता तर मी जन्मात बोलले नसते. माझ्या घरात माझी आई आठ वर्षं राहिली ती तुमच्यामुळे."

काकांनी टोपी परत घातली. माझ्याकडे बघितलं, धड दिसत नव्हतं तरी बघितलं.

"माझ्यामुळे? मी काय केलं, टीचर?" ते म्हणाले. "मी तर हात धुवायला गेलो होतो."

आणि वाकून पुन्हा बांबू उचलू लागले.